पाताळाचा पत्ता

अंबरनाथ स्टेशनच्या पूर्वेला, वालधुनी नदीच्या काठी, काळ्या दगडात बांधलेलं जुनं शिवमंदिर आहे. अंबरनाथ, उल्हासनगर, बदलापूर या पट्ट्यातल्या शाळांच्या सहली तिथे हमखास जातात. बाहेरच्या भिंतींवरच्या मूर्ती दाखवल्या जातात, शिलाहार राजांचं नाव सांगितलं जातं आणि मग डबे उघडले जातात. मुलांना खरी गंमत वाटते ती मात्र गाभाऱ्याची. बहुतेक देवळांत आपण देवाकडे पायऱ्या चढून जातो. इथे मंडपातून सुमारे वीस पायऱ्या उतरून गाभाऱ्यात जावं लागतं. खाली गारवा असतो. मान वर केली की छताऐवजी आभाळ दिसतं, कारण शिखराचं बांधकाम मंडपाच्या उंचीच्या थोडं वर येऊन थांबलेलं आहे. ते पुरं झालंच नाही असं दिसतं. पायाखाली जमिनीच्या पोटातली जागा आणि माथ्यावर अंबर, अशा ठिकाणी उभं राहिल्यावर एखादं मूल विचारतंच, "बाई, पाताळ इथून अजून किती खाली असतं?"

"पाताळबिताळ काही नसतं" असं एका वाक्यात उत्तर देता येईल. ते चूकही नाही. पण हा प्रश्न आपल्याकडे मोठमोठ्या माणसांनी गांभीर्याने हाताळलेला आहे, आणि त्याची उत्तरं कशी बदलत गेली हा इतिहास विज्ञानाच्या शिक्षकाला फार उपयोगी पडतो. म्हणून तो जरा सविस्तर पाहू.

आधी मंदिराचा काळ. उत्तरेकडच्या दारावरच्या तुळईवर एक शिलालेख आहे. एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो वाचला तेव्हा त्यांना त्यातला शक ७८२ असा वाटला. पुढे पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी तो ९८२ असल्याचं दाखवलं. एका आकड्याच्या वळणाने मंदिर दोनशे वर्षांनी तरुण झालं! शके ९८२ म्हणजे इसवी सन १०६०. त्या वेळी उत्तर कोकणावर शिलाहार राजा मुम्मुणी ऊर्फ माम्वाणी याचं राज्य होतं. भाऊ दाजींचं नाव लक्षात ठेवू, ते पुन्हा येणार आहे.

मंदिर बांधणाऱ्यांच्या काळात पाताळ म्हटल्यावर लोकांच्या डोळ्यांपुढे काय येत असेल? आज आपण पाताळ आणि नरक यांची गल्लत करतो. पुराणांत ती नाही. विष्णुपुराणात पृथ्वीखाली एकाखाली एक असे सात थर सांगितले आहेत: अतल, वितल, नितल, गभस्तिमत्, महातल, सुतल आणि पाताळ. प्रत्येक थर दहा हजार योजनं खोल. कुठे माती पांढरी, कुठे काळी, कुठे पिवळी, कुठे सोन्याची. तिथे सूर्याचे किरण उजेड देतात पण ऊन देत नाहीत. चंद्र उजेड देतो पण थंडी देत नाही. नारदमुनी पाताळ पाहून स्वर्गात परतले आणि पाताळ इंद्रलोकापेक्षा रमणीय आहे असं त्यांनी देवांना सांगितलं. भागवतात थरांची नावं थोडी वेगळी आहेत आणि या जागांना 'बिलस्वर्ग' म्हटलं आहे, म्हणजे बिळातला स्वर्ग! तिथे सूर्य पोचत नाही, म्हणून दिवस-रात्रीचा हिशेब नाही. नागांच्या फण्यांवरच्या मण्यांचा उजेड पडतो. सुतलात बळिराजा राज्य करतो. दिवाळीत ज्या बळीचं राज्य येवो असं आपण म्हणतो, तोच हा.

महाभारताच्या उद्योगपर्वात तर पाताळाची चक्क सहल आहे. इंद्राचा सारथी मातली याला आपल्या गुणकेशी नावाच्या मुलीसाठी स्थळ हवं असतं. देवांत, माणसांत कोणी पसंत पडेना, म्हणून तो खाली निघतो. वाटेत नारद भेटतात आणि वाटाड्या म्हणून सोबत येतात. आधी वरुणाचं स्थान, मग पाताळ, मग दानवांचं हिरण्यपूर, असं करत दोघं वासुकीच्या भोगवती नगरीत पोचतात आणि तिथे सुमुख नावाचा नागकुमार मातलीला पसंत पडतो. मुलीसाठी गावोगाव फिरणारा बाप आपल्या ओळखीचाच आहे. उल्हासनगरच्या शाळेत ही गोष्ट सांगितली तर सिंधी घरांतली मुलं वरुणाच्या नावाशी कान टवकारतील, कारण झुलेलाल हा वरुणाचाच अवतार मानला जातो.

गोष्ट म्हणून हे सगळं सुंदर आहे. पुराणकारांनी मात्र तिथेच न थांबता आकडे दिले. सात थर गुणिले दहा हजार म्हणजे सत्तर हजार योजनं. वर जमीन सपाट. तिच्या मध्यभागी चौऱ्याऐंशी हजार योजनं उंच मेरू पर्वत. भोवती कंकणासारखी द्वीपं आणि खाऱ्या पाण्याचे, उसाच्या रसाचे, मद्याचे, तुपाचे, दह्याचे, दुधाचे, गोड पाण्याचे समुद्र. पृथ्वीचा एकूण विस्तार पन्नास कोटी योजनं. सूर्य मेरूच्या आड गेला की रात्र. चंद्र सूर्याच्याही पलीकडे. एकदा आकडा दिला की तो तपासता येतो, आणि तपासणारा माणूस कधी ना कधी येतोच.

आपल्याकडे असे तपासणारे अनेक झाले. आर्यभटाने इसवी सन ४९९ मध्ये पृथ्वी गोल असल्याचं धरूनच गणित मांडलं. आठव्या शतकाच्या सुमाराचा लल्ल सपाट पृथ्वीच्या कल्पनेचे दोष दाखवतो. पण सगळ्यांत खुमासदार तपासणी केली ती भास्कराचार्यांनी. त्यांचा जन्म शके १०३६ म्हणजे इसवी सन १११४ चा, गाव सह्याद्रीच्या परिसरातलं विज्जडविड. छत्तिसाव्या वर्षी, ११५० मध्ये, त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणि' लिहिला. म्हणजे अंबरनाथच्या लेखानंतर अवघ्या नव्वद वर्षांनी. चाळीसगावजवळच्या पाटणे इथे त्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ काढल्याचा तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा शिलालेख आहे. तो उजेडात आणला भाऊ दाजींनीच. दिवसा रोगी तपासणारा मुंबईचा हा डॉक्टर अंबरनाथचा शिल्पी आणि पाटण्याचा गणिती, दोघांच्याही दाराशी जाऊन आला होता.

'सिद्धान्तशिरोमणी'च्या गोलाध्यायात भुवनकोश नावाचं प्रकरण आहे. त्यातली भास्कराचार्यांची प्रश्न विचारण्याची तऱ्हा प्रत्येक शिक्षकाने पाहावी अशी आहे. पृथ्वी जर आरशासारखी सपाट असेल आणि सूर्य तिच्यावर खूप उंचावर फिरत असेल, तर तो देवांना जसा सतत दिसतो तसा माणसांना का दिसत नाही? मेरूमुळे रात्र होत असेल, तर आपल्या आणि सूर्याच्या मध्ये आलेला तो मेरू दिसत का नाही? मेरू उत्तरेला असताना सूर्य काही महिने पूर्वेच्या दक्षिणेला कसा उगवतो? पृथ्वीला कोणी तरी धरून ठेवलं आहे म्हणावं तर त्या धरणाऱ्याला कोणी धरलं? शेवटी कोणी तरी स्वतःच्याच शक्तीने राहतो असं मानावंच लागतं. मग ते पृथ्वीबद्दलच का मानू नये? आणि जमीन सपाट का दिसते? कारण वर्तुळाच्या परिघाचा शंभरावा भाग सरळच दिसतो, आणि माणूस पृथ्वीच्या मानाने फारच लहान आहे. (पृथ्वी जड वस्तूंना स्वतःकडे ओढते असंही ते म्हणतात. त्यावरून न्यूटनच्या आधी आपल्याकडे गुरुत्वाकर्षणाचा नियम होता असं उत्साहाने लिहिलं जातं. ओढ आणि ओढीचा नियम यांत फरक आहे. तो वर्गात पुसट होऊ देऊ नये.)

मग ते मोजमापाला येतात. उज्जैन विषुववृत्तापासून परिघाच्या सोळाव्या भागाइतकं दूर आहे. त्या अंतराची सोळापट केली की परिघ मिळाला. असं असताना पृथ्वी एवढी अवाढव्य सांगण्याचं कारण काय? त्यांनी दिलेला परिघ आहे ४९६७ योजनं, व्यास सुमारे १५८१ योजनं.

हीच रीत आपल्याला अंबरनाथ-बदलापूरच्या शाळेत वापरता येते. सम दिवस-रात्रीच्या सुमारास, म्हणजे २१ मार्च किंवा २३ सप्टेंबरला, मैदानात एक मीटरची काठी ओळंब्याने सरळ उभी करावी. आपल्याकडे सूर्य माथ्यावर यायला मार्चमध्ये पाऊण वाजत येतो, सप्टेंबरमध्ये साडेबाराच्या आसपास. तेव्हाची सर्वांत आखूड सावली सुमारे ३५ सेंटिमीटर भरेल. पंचांगवाले बारा अंगुळांच्या शंकूची जी 'पलभा' देतात ती हीच, आपल्याकडे सुमारे सव्वाचार अंगुळं. त्यावरून अक्षांश येतो १९ अंशांहून किंचित जास्त. त्याच दिवशी उज्जैनच्या एखाद्या शाळेने सावली मोजून पत्राने कळवली तर ती ४३ सेंटिमीटरच्या जवळ असेल, म्हणजे अक्षांश २३ अंशांच्या थोडा वर. दोन्हींत फरक चार अंशांचा. नकाशाच्या मोजपट्टीवर दोन गावांमधलं उत्तर-दक्षिण अंतर सुमारे ४४० किलोमीटर. वर्तुळाचे अंश ३६०, म्हणजे चाराच्या नव्वद पट. तेव्हा परिघ सुमारे ३९,६०० किलोमीटर. खरा ४०,००० च्या आसपास आहे. काठी आणि टेप यांच्या बळावर आठवीच्या मुलांनी एवढ्या जवळ यावं, आणखी काय हवं?

आता भास्कराचार्यांच्याच आकड्यांनी एक गणित करू. गोलाचा व्यास १५८१ योजनं आणि पाताळाचे थर सत्तर हजार योजनं. भागाकार केला तर ४४ येतो. म्हणजे सातवं पाताळ संपेपर्यंत पृथ्वी चव्वेचाळीस वेळा आरपार भोसकून झालेली असेल. योजनाची लांबी सगळीकडे सारखी नव्हती हे खरं, पण तो फरक काही चव्वेचाळीसपट नव्हता.

मग भास्कराचार्यांनी पाताळ रद्द केलं का? नाही, आणि इथेच हा इतिहास विचार करायला लावतो. ते म्हणतात, पाताळलोक म्हणजे पृथ्वीच्या आतले पोकळ पुट आहेत. तिथे नागांच्या मण्यांच्या प्रकाशात नाग, असुर आणि सिद्ध राहतात. 'सूर्यसिद्धान्ता'तही पृथ्वीच्या पोटात सात पोकळ्या सांगितल्या आहेत. इतर लोकांचीही भास्कराचार्यांनी अशीच सोय लावली. मेरू गेला उत्तर ध्रुवावर, तोच स्वर्लोक. विषुववृत्ताच्या दक्षिणेला भूर्लोक, उत्तरेला भुवर्लोक. खारा समुद्र विषुववृत्ताभोवती, आणि दुधातुपाचे समुद्र दक्षिण गोलार्धात, जिथे कोणी बघायला जाणार नव्हतं. नावं सगळी राहिली, आकडे तेवढे गळाले.

यावर दोन टोकांची मतं ऐकू येतात. एक, भास्कराचार्य पुराणांना घाबरले. दोन, त्यांना पृथ्वीच्या आतले थर ठाऊक होते. मला दोन्ही पटत नाहीत. मेरूमागे सूर्य लपतो या कल्पनेची इतकी उघड टिंगल करणारा माणूस भित्रा नव्हता. पण जिथे सावली, तारा, ग्रहण यांपैकी काहीच पोचत नाही, त्या पृथ्वीच्या पोटाबद्दल त्यांच्या हाती कोणतंच मोजमाप नव्हतं. मोजमाप होतं तिथे त्यांनी परंपरा मोडली, नव्हतं तिथे जुनी गोष्ट तशीच ठेवली. थर ठाऊक होते म्हणावं, तर त्यांच्या थरांत नागांचे मणी चमकतात. आपल्या पाठ्यपुस्तकातल्या थरांशी त्यांचं नातं फक्त 'थर' या शब्दापुरतं आहे.

यानंतरचा महत्त्वाचा प्रसंग थेट शाळेतला आहे. १८३० च्या दशकात भोपाळजवळच्या सिहोर इथे लान्सेलॉट विल्किन्सन हा इंग्रज अधिकारी होता. तिथल्या पाठशाळेत कोपर्निकसचं मत एकदम शिकवण्याऐवजी त्याने आधी भास्कराचार्यांचा ग्रंथ शिकवायला लावला. पुराणांच्या सपाट पृथ्वीवरून सिद्धान्ताच्या गोलावर यायचं आणि तिथून सूर्यकेंद्री व्यवस्थेकडे, अशी ही दोन पायऱ्यांची वाट. सिद्धान्त हिंदुस्थानी शिक्षणात कसे वापरावेत यावर त्याने १८३४ मध्ये लेखही लिहिला. त्याच्यासोबत काम करणारे सुबाजी बापू हे मराठी पंडित. त्यांनी १८३६ मध्ये मराठीत 'सिद्धान्तशिरोमणिप्रकाश' लिहून पुराणं, सिद्धान्त आणि कोपर्निकस यांची तुलना मांडली. सिहोरलाच शिकलेले बापूदेव शास्त्री पुढे काशीच्या संस्कृत कॉलेजात नामांकित गणिती झाले आणि विल्किन्सनने केलेलं गोलाध्यायाचं इंग्रजी भाषांतर त्यांनी तपासून १८६१ मध्ये प्रसिद्ध केलं. विल्किन्सनच्या मनात राज्यकर्त्याचा अहंकार नव्हता असं नाही. पण मुलाच्या घरातल्या ज्ञानातली सर्वांत भक्कम पायरी शोधायची आणि तिच्यावर पाय ठेवून पुढे जायचं, ही त्याची युक्ती शिक्षक म्हणून मला फार मोलाची वाटते.

पोकळ पृथ्वी ही काही आपलीच मिरास नव्हती. धूमकेतूवाला एडमंड हॅली, न्यूटनचा मित्र, याने १६९२ मध्ये तीच कल्पना पूर्ण शास्त्रीय हेतूने मांडली. होकायंत्राच्या सुईची दिशा वर्षानुवर्षं हळूहळू सरकते, याचं कारण त्याला हवं होतं. त्याने सुचवलं की पृथ्वीचं बाहेरचं कवच पाचशे मैल जाड आहे, आत एकात एक आणखी कवचं आणि मध्ये एक गोळा आहे, आणि ती वेगवेगळ्या गतींनी फिरतात. आत जीवसृष्टी असेल, आणि तिला उजेड देणारं चमकणारं वातावरणही! भास्कराचार्यांचे मणी आणि हॅलीची चमकणारी हवा, साडेपाचशे वर्षांच्या अंतराने दोघांनाही एकच अडचण आली होती: जमिनीखाली वस्ती ठेवायची तर दिवा कुठून आणायचा? ज्यूल्स व्हर्नची पृथ्वीच्या पोटातल्या प्रवासाची कादंबरी १८६४ ची. तोवर शास्त्रज्ञांनी या कल्पनेचा नाद जवळजवळ सोडला होता.

तो सोडायला लावला तराजूने. १७९८ मध्ये हेन्री कॅव्हेंडिशने शिशाच्या गोळ्यांमधली अतिसूक्ष्म ओढ मोजली आणि त्यावरून पृथ्वीची सरासरी घनता पाण्याच्या सुमारे साडेपाचपट काढली. पृष्ठभागावरचे दगड पाण्याच्या पावणेतीन ते तीनपट असतात. म्हणजे आत पोकळी असणं दूरच, आतला माल बाहेरच्यापेक्षा पुष्कळ जड हवा.

तो माल कसा आहे हे कळायला भूकंपाची मदत झाली, आणि तीही हिंदुस्थानातल्या. १२ जून १८९७ ला आसाम-शिलाँगकडे प्रचंड भूकंप झाला. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातला रिचर्ड ओल्डहॅम याने त्याचा तपास केला. दूर युरोपातल्या यंत्रांवर उमटलेल्या नोंदींत त्याला तीन तऱ्हांच्या लाटा वेगळ्या दिसल्या. पृथ्वीच्या आरपार जाणाऱ्या लाटा मध्यभागाजवळ रेंगाळतात हे ओळखून त्याने १९०६ मध्ये पृथ्वीला वेगळा गाभा असल्याचं दाखवलं. १९३६ मध्ये इंगे लेमान या डॅनिश विदुषीने त्या गाभ्याच्या आत आणखी एक वेगळा गाभा असल्याचं दाखवलं. भास्कराचार्यांना जे मिळालं नव्हतं ते, पृथ्वीच्या पोटातून बाहेर येणारं मोजमाप, आता मिळालं होतं.

प्रत्यक्ष खणून आपण किती खाली गेलो? रशियातल्या कोला इथलं भोक १२,२६२ मीटर खोल, म्हणजे पृथ्वीच्या त्रिज्येचा पाचशेवा भागसुद्धा पुरता नाही. तिथे तापमान १८० अंश सेल्सिअस भरलं आणि पुढे जाणं अशक्य झालं. आपल्याकडे कोयना परिसरातल्या भूकंपांच्या अभ्यासासाठी गोठणे इथे २०१७ मध्ये तीन किलोमीटर खोल भोक पूर्ण झालं. सह्याद्रीचा काळा कातळ तिथे सव्वा किलोमीटरच्या आसपास संपला आणि खाली त्याहून फार जुना ग्रॅनाइट-नीस लागला. अंबरनाथचं मंदिर ज्या दगडाचं आहे तोही हाच काळा कातळ, बेसाल्ट. साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या सुमारास वाहिलेल्या लाव्हाचा.

मंदिराच्या त्या वीस पायऱ्यांवर परत येऊ. मुलाला मातली आणि गुणकेशीची गोष्ट जरूर सांगावी, पूर्ण रंगवून सांगावी. बळीचं सुतलही सांगावं. फक्त 'किती खाली?' या प्रश्नाचं उत्तर गोष्टीतून देऊ नये. ते मोजमापातून द्यावं. त्यासाठी प्रयोगशाळेत लागेल एक ताणकाटा, दोरा, पाण्याचं भांडं आणि बेसाल्टचा तुकडा. दगड देवळाच्या आवारातला उचलू नये, रस्त्याच्या कामावरची मोठी खडी चालते. तुकडा हवेत ३०० ग्रॅम भरला तर पाण्यात बुडवल्यावर काटा सुमारे १९७ दाखवेल. वजनातली घट १०३. तीनशेला १०३ ने भागलं की घनता येते २.९. फळ्यावर हा आकडा लिहावा, शेजारी कॅव्हेंडिशचा ५.५ लिहावा, आणि पाताळाचा पत्ता विचारणाऱ्या त्या मुलालाच विचारावं: खाली नागांच्या नगऱ्या मावतील एवढी पोकळी असती, तर दुसरा आकडा पहिल्यापेक्षा मोठा आला असता की लहान?